साबीनेजवळ कोण थांबणार?

“मॅडम, सिद्राम कोष्टी म्हणजे मीच बरं का. चिठ्ठीत तुमच्या नावासंगं माझं नाव निघालंय. आता तरलो तर दोघं, बुडलो तर दोघं.”

पुण्यातल्या त्या परीक्षा केंद्राच्या व्हरांड्यात लाकडी बाकांवर आम्ही जर्मनच्या तोंडी परीक्षेचे उमेदवार ओठ हलवत बसलो होतो. मी मान वर केली. पस्तिशीचा, जाड मिशीचा एक माणूस समोर उभा होता. अंगातल्या निळ्या शर्टाच्या दुकानातल्या घड्या अजून मोडल्या नव्हत्या. तो माझ्या शेजारी बसला आणि पिशवीतून डबा काढला.

“शेंगाची पोळी हाय. अर्धी खावा.”

“नको. मला परीक्षेआधी काही जात नाही.”

“म्हणून तर अर्धी म्हणालो.”

मी घेतली. नाही म्हणण्यात जास्त बोलावं लागलं असतं.

“तुमी सांगलीच्या म्हणं. मी मिरजेचा. म्हंजे भिंतीला भिंत. आधी एकदा बसलाय ना परीक्षेला?”

“हो.”

“मग?”

“नापास.”

“कशात?”

“बोलण्यात.”

त्याने पोळी चावत माझ्याकडे जरा निरखून पाहिलं. “ते कळतंयच,” तो म्हणाला. “मी लिहिण्यात गेलो होतो. ते या बारीला निघालं एकदाचं. बोलायचं काय वो, तोंड हाय तंवर बोलायचं.”

मला मात्र तोंड असून ते जमत नव्हतं. मी सूक्ष्मजीवशास्त्रात एम. एस्सी. करून सांगलीत एका प्रयोगशाळेत पाण्याचे नमुने तपासत होते. जर्मनीतल्या एका विद्यापीठात यीस्टवर काम करणाऱ्या गटात मला जागा मिळाली होती, पण तिथलं सुरक्षेचं प्रशिक्षण जर्मन भाषेत असल्यामुळे प्रमाणपत्राशिवाय रुजू होता येणार नव्हतं. मुदत एकदा वाढवून मिळाली होती. या खेपेला उतरले नाही तर जागा दुसऱ्या कुणाला जाणार, हे तिथल्या प्राध्यापकांनी मला अतिशय सौजन्याने कळवलं होतं.

वाचन, श्रवण, लेखन या तिन्हींत मला चांगले गुण होते. तोंडी परीक्षेत दोन उमेदवारांना समोरासमोर बसवतात. एक प्रसंग देतात आणि दोघांनी आपसात बोलून बेत ठरवायचा असतो. परीक्षक फक्त ऐकतात. मागच्या वेळी माझी जोडीदार नागपूरची एक डॉक्टर मुलगी होती. मी आधी मनात संपूर्ण वाक्य जुळवायचे, मग ते तपासायचे, मग तोंड उघडायचे. तोवर ती माझंही वाक्य बोलून पुढच्या मुद्द्यावर गेलेली असायची. शेवटी तिला उत्तम गुण पडले आणि माझ्या नावापुढे ‘सहभाग अपुरा’ असा शेरा आला.

आता नशिबाने सिद्राम कोष्टी दिला होता. मी हातातली अर्धी पोळी तशीच त्याच्या डब्यात ठेवली.

“तुम्ही काय करता?” मी विचारलं. निदान त्याच्या आवाजाची सवय तरी व्हावी.

“लिफ्ट दुरुस्त करतो. मिरजेत हॉस्पिटलं किती, तेवढ्या लिफ्टा. जर्मनीतल्या एका कंपनीनं बोलवलंय. घर आमचं हॉस्पिटलांच्या मागच्याच गल्लीत. जतचा पेशंट येऊ दे, अथणीचा येऊ दे, त्याची माणसं आमच्या पडवीत पथारी टाकणार. आमच्या आईनं कुणाला न्हाई म्हणलेलं मला आठवत न्हाई. परवा मी घरात शिरलो तर एक म्हातारा मलाच इचारतोय, तुमी कुणाच्या पेशंटचे?”

मी हसले. त्या सकाळी पहिल्यांदाच.

आत जायच्या आधी मी डोळे मिटून टिळेकर मॅडमची सगळी वाक्यं एकदा मनातून फिरवून घेतली. विश्रामबागेत चष्म्याच्या दुकानावर मॅडमचा वर्ग भरायचा. मॅडम तरुणपणी यजमानांबरोबर दोन वर्षं जर्मनीत राहून आल्या होत्या आणि त्या दोन वर्षांवर त्यांचा वर्ग पंचवीस वर्षं चालला होता. पहिल्याच दिवशी त्या सांगायच्या, “इथं येताना आपलं सांगलीपण चपलांबरोबर दाराबाहेर ठेवायचं. जाताना घालून जा, माझी हरकत नाही.” प्रत्येक प्रसंगाची ठरलेली वाक्यं त्या फळ्यावर लिहायच्या आणि आम्ही ती घोकायचो. वाढदिवस असेल तर केक, सहल असेल तर रेल्वेचं तिकीट. आजारी माणसाला भेटायला जायचं तर आधी फोन करायचा, फुलं न्यायची, पण मुळं असलेलं कुंडीतलं रोप न्यायचं नाही, अर्धा तास बसायचं आणि शुभेच्छांचं कार्ड ठेवून उठायचं. “जास्त चौकशा नाहीत. काय झालं, कसं झालं, डॉक्टर काय म्हणाले, हे तिथे विचारत नाहीत,” असं म्हणून त्या आम्हा सगळ्यांकडे एकेक करून बघायच्या, जणू आम्ही आत्ताच कुणाच्या तरी उशाशी बसून ते विचारत होतो.

आत दोन परीक्षक होते. सबनीस सर पुण्याचे, गळ्यात दोरीने अडकवलेला चष्मा, समोर घड्याळ. दुसऱ्या फ्राउ हार्टविग, म्हणजे हार्टविग बाई, साठीच्या आसपासच्या, खादीचा कुर्ता घातलेल्या उंच जर्मन बाई. त्या उठून उभ्या राहिल्या, आमच्याशी हस्तांदोलन केलं आणि पुन्हा निश्चल बसल्या. आधी प्रत्येकाचं छोटं भाषण झालं. ते पाठ होतं, निभावलं. मग सबनीस सरांनी प्रसंगाचा कागद पुढे सरकवला.

साबीने नावाची तुमच्या वर्गातली मैत्रीण. तिला अपघात झाला आहे, ती हॉस्पिटलमध्ये आहे. भेटीचा बेत ठरवा. कधी जायचं, कसं जायचं, काय न्यायचं, कोण काय करणार.

माझा जीव भांड्यात पडला. फळ्यावरची सगळी वाक्यं जशीच्या तशी डोळ्यांपुढे उभी राहिली.

पुढचं सगळं अर्थात जर्मनमध्ये झालं. तिथे सिद्रामची मिरजेची बोली नव्हती आणि माझं पुस्तकी मराठीही नव्हतं. दोघांचीही भाषा सारखीच तोकडी होती.

“आपण साबीनेला भेटायला जाऊ या,” मी सुरुवात केली. “शनिवारी दुपारी तुला वेळ आहे का?”

“शनिवारी?” सिद्राम म्हणाला. “आज मंगळवार आहे. अपघात झाला आहे. आज का नाही?”

यावर फळ्यावर काही नव्हतं. मी पुढच्या वाक्यावर उडी मारली. “आधी तिला फोन करायला हवा.”

“ती हॉस्पिटलमध्ये आहे. ती फोन कशाला उचलेल? तिच्या आईला फोन करू.”

“तिची आई हॅम्बुर्गला राहते,” मी म्हणाले.

साबीनेला आई आहे आणि ती हॅम्बुर्गला राहते हे मला त्या क्षणापर्यंत माहीत नव्हतं.

“मग इथे तिचं कोण आहे?”

“कोणी नाही. आपणच.”

“मग,” सिद्राम खुर्चीत पुढे सरकला, “रात्री तिच्याजवळ कोण थांबणार?”

सबनीस सरांचं पेन थांबलं. कागदावरच्या चार मुद्द्यांत हा मुद्दा नव्हता. सिद्रामच्या चेहऱ्यावर मात्र परीक्षेचा मागमूस नव्हता. त्याला खरोखरच उत्तर हवं होतं.

“तिथे नर्स असते,” मी म्हणाले.

“एक नर्स किती पेशंटना असते?”

“दहा असतील.”

“ती बाकीच्या नऊ जणांकडे असेल तेव्हा?”

“बटण असतं. दाबलं की घंटा वाजते.”

“हात मोडलेला असेल तर बटण कसं दाबणार?”

“हात नाही, पाय मोडला आहे.”

“कुठे लिहिलं आहे?” त्याने कागद उलटासुलटा करून पाहिला.

“ती सायकलवरून पडली,” मी ठामपणे म्हणाले.

“सायकलवरून पडला की माणूस हातावर पडतो. मी तीन वेळा पडलो आहे.”

“ती पायावर पडली. मला माहीत आहे. मी तिथे होते.”

फ्राउ हार्टविगनी हातातलं पेन टेबलावर ठेवलं.

“तू तिथे होतीस?” सिद्राम हबकला. “मग आधी का नाही सांगितलंस? डॉक्टर काय म्हणाले?”

टिळेकर मॅडमची करडी नजर मला पुण्यापर्यंत जाणवली. तरी मी सांगितलं. हाड जोडलं आहे, उद्या पुन्हा फोटो काढणार आहेत, ताप नाही. सांगताना माझ्या लक्षात आलं की मी वाक्य आधी जुळवत नाहीये. जुळवायला वेळच नव्हता. हा माणूस प्रश्न विचारून उत्तरासाठी असा बघत होता की पलंगावर खरंच कुणीतरी पडलेलं असावं.

“आज रात्री मी थांबते,” मी म्हणाले. “बायकांच्या वॉर्डात तुला थांबू देणार नाहीत.”

“मग मी खाली बाकावर झोपतो.”

“तू कशाला?”

“औषध आणायला कोण जाईल? तू तिला सोडून जाणार?”

“बरं. आणि उद्या सकाळी मी घरी गेले की तू वर ये. पण येताना काय आणशील?”

“भात आणि आमटी.”

“ती तिखट खात नाही.”

“मग सूप. माझी आई सूप करील.” एकदम त्याला काहीतरी आठवलं. “तिच्या घरी कोण आहे? कुत्रा?”

“मांजर.”

“मांजराला दूध?”

“शेजारच्या बाईंना सांगते. किल्ली माझ्याकडे आहे.” मग मला कागद दिसला आणि मी दचकून म्हणाले, “आणि आपल्याला फुलं न्यायची आहेत.”

“फुलं?” सिद्रामचा आवाज चढला. “फुलं कशाला? ती बरी होणार आहे!”

“इथे बरं होणाऱ्यांना पण फुलं देतात.”

“खरंच?” त्याने फ्राउ हार्टविगकडे पाहिलं. परीक्षकांकडे बघायचं नसतं. पण त्या किंचित मान हलवून हो म्हणाल्या. “बरं. मग तू फुलं आण. पण त्याच्याआधी उशी आण. तिथल्या उश्या चांगल्या नसतात.”

सबनीस सरांनी घड्याळाकडे बोट केलं. वेळ संपली होती. इतक्यात फ्राउ हार्टविग म्हणाल्या, “एक मिनिट. मला एक विचारायचं आहे.”

सबनीस सर कुजबुजले, “पण या भागात आपण प्रश्न विचारत नाही.”

“मी विचारते आहे,” त्या म्हणाल्या आणि आमच्याकडे वळल्या. “समजा, साबीने म्हणाली, आभारी आहे, पण तुम्ही घरी जा.”

“सगळे असंच म्हणतात,” सिद्राम म्हणाला.

“पण तिला खरोखरच एकटं झोपायचं असेल तर? अनोळखी माणसासमोर आजारी पडून राहणं तिला आवडत नसेल तर?”

सिद्रामने तोंड उघडलं. मी हात वर करून त्याला थांबवलं. असं मी आयुष्यात कधी कुणाला केलं नव्हतं. मग मी गप्प राहिले. ती माझी नेहमीची शांतता नव्हती. मागच्या वेळी मी शब्द शोधत होते, आता मला उत्तर हवं होतं, कारण प्रश्न रास्त होता. मला स्वतःलाही ताप आला की दार लावून घ्यावंसं वाटतं.

“तर मी भिंतीकडे तोंड करून झोपेन,” मी म्हणाले. “तिच्याशी बोलणार नाही. तिच्याकडे बघणार नाही. बोलायला कुणी थांबत नाही. पण रात्री तिला जाग येईल. छत वेगळं असेल. वास वेगळा असेल. ती कुठे आहे हे तिला थोडा वेळ कळणार नाही. तेवढ्या थोड्या वेळासाठी तिथे कुणीतरी हवं. मग ती पुन्हा झोपली की झालं.”

“आणि सकाळी ती तुमच्यावर रागावली तर?”

“रागावली म्हणजे बरी झाली,” सिद्राम म्हणाला.

सबनीस सर मोठ्याने हसले आणि लगेच चष्मा पुसू लागले. फ्राउ हार्टविग हसल्या नाहीत. त्यांनी आमचे आभार मानले.

बाहेर आल्यावर आम्ही समोरच्या टपरीवर चहा घेतला. सिद्रामने कपाळावर हात मारला.

“ताई, कसं जायचं ते ठरवलंच न्हाई वो! बस म्हणायचं का रेल्वे, मी चांगलं पाठ केलतं.”

“कधी जायचं तेही धड ठरलं नाही.”

“आजच जायचं म्हणालो की मी.”

“फुलांवर भांडलो.”

“भांडलो कुठं? तुमी म्हणाला न्या, मी म्हणालो न्या.” त्याने उरलेला चहा एका घोटात संपवला. “बुडालो काय?”

मी मनातल्या मनात मुद्दे मोजले आणि खरं ते सांगितलं, “बहुतेक.”

एव्हाना मला रडू यायला हवं होतं. जागा गेली, वर्ष गेलं, घरी काय सांगायचं. पण मला भूक लागली होती. “ती उरलेली अर्धी पोळी आहे का?” मी विचारलं.

आम्ही ती खात असतानाच फ्राउ हार्टविग रस्ता ओलांडून आल्या. शेवटची जोडी संपली होती. त्यांनी टपरीवाल्याला अस्खलित मराठीत बिनसाखरेचा चहा सांगितला आणि आमच्याशी मात्र जर्मनमध्ये बोलू लागल्या.

“निकालाबद्दल मी काही सांगू शकत नाही. तुम्हीही विचारू नका. पण माझा एक प्रश्न आहे आणि त्याचं उत्तर मला माहीत नाही. मी पुण्यात नऊ वर्षं राहते आहे. जर्मनीला जाणाऱ्या लोकांसाठी मी एक कार्यशाळा घेते. तिथे कसं वागावं, काय विचारू नये, काय भेट न्यावी. लोक लिहून घेतात.” त्यांनी चहाचा घोट घेतला. “गेल्या वर्षी मला टायफॉइड झाला. संध्याकाळी मला दवाखान्यात ठेवलं. रात्री जागी झाले तर माझ्या पलंगाशेजारी जमिनीवर एक बाई झोपलेली. मी घाबरले. नीट पाहिलं तर खालच्या मजल्यावरच्या फ्राउ इनामदार. आमचा परिचय म्हणजे जिन्यात नमस्कार. कधी वाटीत काहीतरी द्यायच्या. मी त्यांना म्हटलं, आभारी आहे, तुम्ही घरी जा. त्या हसल्या आणि पुन्हा झोपल्या. मग मी बटण दाबलं.”

“बटण!” सिद्राम म्हणाला.

“नर्सला सांगितलं की या अनोळखी बाईंना खोलीबाहेर काढा. त्या चटई गुंडाळून बाहेर गेल्या. सकाळी कळलं की त्या रात्रभर बाहेरच्या बाकावर बसून होत्या.”

सिद्रामने पोळीचा डबा बंद केला.

“मला वाटलं, या लोकांना खाजगीपणा कळत नाही. असं एक प्रकरणच आहे माझ्या कार्यशाळेत. बरी झाल्यावर मी आभाराचं एक सुंदर कार्ड आणलं आणि त्यांच्या दाराच्या फटीतून आत सरकवलं.”

“दाराच्या फटीतनं?” सिद्राम मराठीत ओरडला. “घरात माणसं असताना?”

“त्यांना त्रास नको म्हणून.”

“आई गं,” सिद्राम म्हणाला. त्याला या वाक्यासाठी जर्मन शब्द सापडला नाही.

“तेव्हापासून त्या नमस्कार करतात, पण वाटी येत नाही. आज तुम्ही भिंतीकडे तोंड करून झोपण्याबद्दल बोललात, तेव्हा मला आठवलं. त्याही भिंतीकडेच तोंड करून झोपल्या होत्या.” त्यांनी माझ्याकडे पाहिलं. “आता मी काय करू? मी काय घेऊन जाऊ? केक चालेल?”

“काही नेऊ नका,” मी म्हणाले.

“काहीच नाही?”

“नाही. नेलंत तर ते पुन्हा कार्डासारखंच होईल. हिशेब मिटवायला आल्यासारखं. तुम्ही त्यांच्याकडे काहीतरी मागा.”

“मागू? मी त्यांना खोलीबाहेर काढलं आणि आता मागायला जाऊ?”

“हो. रिकामी वाटी घेऊन जा आणि विरजण मागा.”

दही लावण्यासाठी चमचाभर आंबट दही लागतं, ते आपल्या घरी संपलं की शेजारी मागतात, हे त्यांना जर्मनमध्ये सांगायला मला यीस्टवरच्या शोधनिबंधांतले शब्द वापरावे लागले. दुधात जिवाणूंची थोडी जुनी वसाहत सोडली की नवी वाढते, ती बाजारातून आणता येते, पण शेजाऱ्यांकडची चांगली लागते. एकाच इमारतीत वर्षानुवर्षं एकच दही घरोघर फिरत असतं. ते मागायला लाजायचं नसतं आणि नाही म्हणायची पद्धत नाही. ज्यांच्याकडे विरजण मागता येतं ते शेजारी.

“आणि त्यांनी विचारलं की इतके दिवस काय करत होता, तर?”

“तर सांगा की तुमचं दही बिघडलं.”

“मी दही विकतच आणते.”

“मग तेच सांगा. त्यांना फार वाईट वाटेल. लगेच देतील.”

“आणि पुढच्या बारीला वाटी रिकामी न्यायची न्हाई,” सिद्रामने बजावलं. “साखर घाला, शेंगदाणे घाला, काय पण घाला. मग त्या पुन्हा भरून देतील. तुमी पुन्हा भरायची.”

“मग हे संपतं कधी?”

सिद्रामने माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे. हा प्रश्न आम्हाला कधीच पडला नव्हता.

“संपत नाही,” मी म्हणाले.

फ्राउ हार्टविग त्यावर खळखळून हसल्या. परीक्षेच्या खोलीत राखून ठेवलेलं सगळं हसू त्यांनी तिथे खर्च केलं. त्यांनी आमच्या चहाचे पैसे द्यायचा प्रयत्न केला. सिद्रामने त्यांचा हात धरून तो हाणून पाडला. त्या रिक्षात बसून दिसेनाशा झाल्यावर मला एकदम उमगलं की मी टपरीवर उभी राहून कितीतरी वेळ जर्मन बोलत होते. एकही वाक्य आधी जुळवलं नव्हतं. त्यात चुका असणारच, पण त्या मोजायचं माझ्या ध्यानात राहिलं नव्हतं.

निकाल दसऱ्याच्या आधी आला. दोघंही पास. तोंडी परीक्षेत मला सिद्रामपेक्षा एक गुण जास्त होता. त्याने फोनवर ओरडून सांगितलं, “एक गुण फुलांचा गं ताई!”

मी पेढे घेऊन टिळेकर मॅडमकडे गेले. वर्ग भरलेला होता. मॅडमनी माझं प्रमाणपत्र चष्म्याच्या वरून पाहिलं, मग चष्म्यातून पाहिलं.

“बोलण्यात इतके? तुला?” त्या म्हणाल्या. “कोणता प्रसंग आला होता?”

“हॉस्पिटलची भेट.”

“मग फळ्यावरचीच वाक्यं म्हटलीस ना?”

मला खोटं बोलता येत नाही. मी घडलं ते सांगितलं. मांजर, उशी, सूप आणि रात्री कोण थांबणार. वर्गात खसखस पिकली. मॅडम हसल्या नाहीत. बराच वेळ त्या प्रमाणपत्र हातात धरून उभ्या राहिल्या. मला वाटलं, चपलांबरोबर मलाही आता बाहेर ठेवतात.

मग त्या वळल्या आणि खडू उचलला. ‘आजारी माणसाची भेट’ या मथळ्याखाली फुलं होती, कार्ड होतं, अर्धा तास होता. त्याखाली त्यांनी सुवाच्य अक्षरात जर्मनमध्ये लिहिलं: रात्री कोण थांबणार?

“उतरवून घ्या,” त्या म्हणाल्या. “याला गुण आहेत.”

साऱ्या वर्गाने ते उतरवून घेतलं.

मी जर्मनीला गेले, तिथेच रमले. फ्राउ हार्टविगचा अधूनमधून फोन यायचा. पहिल्याच फोनवर त्यांनी सांगितलं की इनामदार वहिनींच्या दह्याचं त्यांचं पाचवं विरजण चालू आहे आणि वाटी नक्की कुणाची हे आता दोघींनाही आठवत नाही. कार्यशाळेतलं ते प्रकरण त्यांनी काढून टाकलं होतं. त्या जागी काय घालावं हे अजून ठरत नव्हतं.

“पण मंजिरी, मला एक सांग,” पुढच्या उन्हाळ्यात त्या म्हणाल्या, “सांगलीत तुम्हाला शिकवतात तरी काय?”

“का?”

“ज्या जोडीत सांगलीचं कुणी असेल, तिथे एकच प्रश्न येतो. हॉस्पिटलची भेट असेल तर मी समजू शकते. पण वर्गाची सहल ठरवताना विचारतात, रात्री कोण थांबणार? वाढदिवसाचा बेत ठरवताना विचारतात. परवा एका जोडीला जुनी पुस्तकं विकायची होती. तिथेही एकाने विचारलंच, रात्री पुस्तकांजवळ कोण थांबणार?”

मला हसू आवरेना. हसता हसता मी टिळेकर मॅडमच्या फळ्याची हकिकत सांगितली. “मग तुम्ही गुण कापता?”

“सबनीस कापायला निघतात. म्हणतात, पाठांतर आहे. विचारणाऱ्याचं पाठांतर असतं, हे खरंच आहे. मी मात्र त्यांना सांगते, उत्तर येईपर्यंत थांबा.”

“का?”

“उत्तर कुणी पाठ करून आलेलं नसतं ना. एरवी ही मुलं साध्या साध्या वाक्याला अडखळतात. शब्द शोधतात, छताकडे बघतात. इथे मात्र अजून एकही अडखळलेलं मी पाहिलं नाही. प्रश्न पुरा व्हायच्या आत दोघंही एकदमच म्हणतात, मी.”